१९३० च्या दशकातील जपानी कौटुंबिक चित्रपट कसे पाहावेत

घराविषयीचे कर्तव्य आणि स्वतःच्या मनाची ओढ यांचा झगडा या चित्रपटांतली माणसे क्वचितच बोलून दाखवतात. म्हणून ते पाहताना पैसा कोणाच्या हातून कोणाच्या हाती जातो, याकडे आधी लक्ष द्यावे.

सुरुवात केंजी मिझोगुची यांच्या १९३६ च्या ‘नानिवा एरेजी’पासून करावी. औषध कंपनीत टेलिफोन ऑपरेटर असलेली आयाको वडिलांनी केलेली अफरातफर निस्तरण्यासाठी मालकाची रखेल होते आणि पुढे भावाच्या शिक्षणासाठी पुन्हा पैसे उभे करते. तिने दिलेली प्रत्येक रक्कम कोणाच्या कामी आली, हे लक्षात ठेवावे आणि मग ती घरी परतते तो प्रसंग सावकाश, शक्यतो दोनदा पाहावा. सुकियाकीचे भांडे मध्ये ठेवून घरचे जेवत असतात आणि ज्याच्यासाठी तिने बदनामी ओढवून घेतली, तो भाऊच तिला टाकून बोलतो. खरे काय ते ठाऊक असलेल्या वडिलांचे मौन मला त्या बोलण्याहून क्रूर वाटते.

त्यानंतर यासुजिरो ओझू यांचा पहिला बोलपट ‘हितोरी मुसुको’ (१९३६) घ्यावा. रेशीम गिरणीत राबून मुलाला शिकवणारी आई टोकियोला येते, तेव्हा तो रात्रशाळेत शिक्षकी करत असतो आणि सासूच्या पाहुणचारासाठी सुनेला आपला किमोनो विकावा लागतो. इथे दोषी शोधत बसू नये; आईची इच्छा आणि मुलाचे कर्तव्य एकच होते, म्हणूनच दोघांचेही दुःख इतके खोल जाते.

मिझोगुचींच्याच ‘झांगिकु मोनोगातारी’त (१९३९) पैशापेक्षा काबुकी या पारंपरिक जपानी नाट्यप्रकारातल्या नटांच्या घराण्याचे नाव मोठे ठरते. त्या घरचा दत्तक मुलगा स्वयंपाकघरात कलिंगड कापून दाई ओतोकूला देतो, तेव्हा कॅमेरा त्यांच्या चेहऱ्यांजवळ जात नाही. ते लांबलचक दृश्य पुढे पळवू नये.

मिकिओ नारुसे यांचा ‘त्सुमा यो बारा नो यो नी’ (१९३५) हा यांच्या आधीचा असला, तरी मुद्दाम शेवटी पाहावा. घर सोडून गेलेल्या वडिलांना परत आणायला निघालेल्या किमिकोला तिथे कळते, की आजवर घरी येणाऱ्या मनीऑर्डरी वडिलांच्या नव्हत्या. त्या पाठवत होती ती त्यांच्याबरोबर राहणारी दुसरी बाई.