काळ उलटा फिरवताय? या चुका टाळा

सांगली म्हणजे नाट्यपंढरी. स्पर्धेचा मोसम आला की एखाद्या तरी ग्रुपला एकांकिकेत काळ उलटा फिरवायची हुक्की येते. विषयही हाताशी असतो: ऑगस्ट 2019 चा महापूर. आयर्विन पुलाजवळ धोक्याची पातळी 45 फूट, आणि कृष्णा 57 फुटांच्या वर गेलेली. नायक मागे जातो, गल्ली वेळेत रिकामी करतो, टाळ्या. आणि संहिता तिथंच गळते.

कारण गल्ली वाचली तर नायकाला मागे जायचं कारणच उरत नाही. तो गेला नाही, तर गल्ली वाचवली कोणी? मागे जाऊन आजोबांनाच मारलं तर आपण जन्मलो कसे, हा जुना विरोधाभास तो हाच, फक्त इथे खून नाही. यावर ‘यंत्र बिघडलं’ असं ठिगळ लावू नका. भौतिकशास्त्रज्ञ एव्हरेटने 1957 मध्ये मांडलेल्या अनेक जगांच्या कल्पनेच्या धर्तीवर काळाला फाटे फोडता येतात, म्हणजे गल्ली वाचलेलं जग वेगळंच निघतं, पण मग नायकाची स्वतःची सांगली बुडालेलीच राहते, हे प्रेक्षकाला कळू द्या. मला रशियन भौतिकशास्त्रज्ञ नोव्हिकोव्हची वाट जास्त नाट्यमय वाटते: जे घडलं त्यात नायकाचं येणंही आधीच धरलेलं. तो दारोदार सांगत फिरतो आणि म्हातारा चौकटीवरची खूण दाखवतो, “2005 ला हितवरच आलं होतं बाळा, जा घरी.” कोणी हलत नाही. इतिहास जसाच्या तसा, पण आता काळजाला लागतो.

दुसरी चूक मुळातली आहे. काळात मागे जाणं आणि काळच उलटणं, या दोन गोष्टींची खिचडी करू नका. सगळं जगच उलटलं तर पुराचं पाणी सातारा जिल्ह्याकडे चढेल, पण माणसांची आठवणही उलटेल, मग चमत्कार झाला हे कळणार कोणाला? फक्त एक खोली उलटवायची असेल तर आतल्या माणसाच्या डोळ्यांत प्रकाश शिरणार नाही, बाहेर पडेल. त्याला दिसणार काय? तुमच्या काल्पनिक सिद्धांतात याचं उत्तर पहिल्या पानावरच ठरवा.

‘विज्ञानात हे अशक्य’ असं संवादात ठोकून देणंही चूकच. न्यूटनचे नियम उलटेही तितकेच चालतात. लोश्मिट या शास्त्रज्ञाने 1876 मध्ये, उष्णता कणांच्या हालचालीतून समजावणाऱ्या बोल्ट्झमनला नेमकं हेच विचारलं होतं: सगळ्या कणांचे वेग उलटवले तर? सांडलेला चहा कपात परतायला नियमाची आडकाठी नाही, पण असा योग जुळणं जवळजवळ अशक्य. तुमचं यंत्र तो योग जुळवतं असं म्हणा, आणि त्याची जबर किंमत ठेवा.

चिठ्ठीचा घोळ तर हमखास. नातू आजोबांना हळदीच्या पुढच्या भावांची चिठ्ठी देतो, आजोबा ती जपून नातवालाच देतात. मग लिहिली कोणी? शिवाय कागद प्रत्येक फेरीत जुना होणार, मग तोच कागद कायम कसा फिरेल? नातवाला नवी नक्कल करायला लावलीत तर कागद सुटतो, भाव कुठून आले हे तसंच लटकतं. ते लटकतं ठेवायचं असेल तर एका पात्राच्या तोंडून मुद्दाम विचारून घ्या, नाहीतर परीक्षक विचारतील.

आणि उलट काळ दाखवायला नटांना वाक्यं उलटी म्हणायला लावू नका. लोक हसतात.