एआय आणि चित्र: सुरुवात डेटासेटपासून करा

एआय वापरून चित्रं करायची आहेत असं म्हणणाऱ्यांचा पहिला प्रश्न ठरलेला असतो: कुठलं टूल शिकू? टूल बदलत राहतात. २०१५ ला डीपड्रीम होतं, मग गॅन (दिलेल्या चित्रांसारखी नवी चित्रं करणारे प्रोग्राम) आले, २०२२ पासून स्टेबल डिफ्यूजन. त्यापेक्षा मॉडेल (चित्रं बघून तशी नवी करायला शिकणारा प्रोग्राम) काय बघून शिकणार, म्हणजे त्याच्या डेटासेटमध्ये कुठली चित्रं असणार, हे स्वतः ठरवायला शिका. मला या कामात सगळ्यात जास्त चित्रकला तिथेच दिसते.

ब्रिटिश कलाकार ॲना रिडलर यांचं २०१८ चं काम जरूर बघा. नेदरलँड्समध्ये ट्युलिपच्या हंगामात त्यांनी १०,००० फुलांचे फोटो काढले, प्रत्येकावर हाताने लेबल लिहिलं आणि तो डेटासेटच भिंतीवर मांडला. हे फूल पांढरं म्हणायचं की फिकट गुलाबी, हे दर वेळी माणसानेच ठरवलंय, ते त्या अक्षरांत दिसतं.

मी रांगोळीवर काम करते. सकाळी गल्लीत फिरायचं, जिने रांगोळी काढली तिला विचारायचं आणि मगच फोटो घ्यायचा. हे विचारणं कधीही टाळू नका. फोटो बरोबर वरून हवा. तिरका आला तर ठिपक्यांची चौकट वाकडी होते. नंतर सगळे चौकोनी कापून एकाच मापाचे करायचे, ५१२ बाय ५१२ पिक्सेल पुरतात. कडेला आलेली चप्पल, उंबऱ्याची सावली ठेवायची की काढायची ते आधीच ठरवा, कारण मॉडेल तीही शिकतं.

स्टाइलगॅन-२ एडीए हे २०२० चं गॅन मॉडेल काही हजार फोटोंवरही चांगलं शिकतं. त्यात फोटो आरशातल्यासारखे उलटवून डेटा दुप्पट करायची सोय आहे. ठिपक्यांच्या रांगोळीला ती चालून जाते, पण फोटोंत स्वस्तिक असेल तर बंदच ठेवा. नाहीतर निम्मी स्वस्तिकं उलटी फिरलेली मॉडेलच्या डोळ्यांखालून जातील. ट्रेनिंग, म्हणजे मॉडेलला शिकवणं, गूगल कोलॅबवर (ब्राउझरमधून गूगलचा संगणक वापरायची सेवा) करत असाल तर मॉडेल अधूनमधून ड्राइव्हवर सेव्ह होतंय ना, ते बघा. तिथला फुकटचा जीपीयू (ट्रेनिंगला लागणारी ताकदवान चिप) कधीही मध्येच काढून घेतला जातो.

चिमटीतून सुटलेल्या रेघेचं जाड-बारीक होणं, भुकटीचा खरखरीतपणा मॉडेल फार सुंदर उचलतं. ठिपके मात्र त्याला मोजता येत नाहीत. सात ते चारच्या रांगोळीत एका ओळीत सहा, पुढच्या ओळीत नऊ, आणि रेघ वळसा पुरा न करताच विरते. मला या तुटक्या रेघा मनापासून आवडतात. त्यांचा प्रिंट समोर ठेवून मी गेरूने सारवलेल्या जमिनीवर त्या हाताने पुढे नेते.

काम दाखवताना कॅप्शनमध्ये मॉडेल कुठलं, फोटो कुणाचे, कोड कुणाचा, सगळं लिहा. २०१८ मध्ये न्यूयॉर्कच्या लिलावात एक गॅन-चित्र ४,३२,५०० डॉलरला विकलं गेलं. ज्या तरुण कलाकाराचा खुला कोड त्यात वापरला होता, त्याच्या श्रेयावरून मोठा वाद झाला. माझ्या कॅप्शनमध्ये रांगोळी काढणारीचं नाव सगळ्यात वर असतं, तिची हरकत नसेल तर.