पन्हाळेकाजीची लेणी आणि उन्हवऱ्याचे ऊन पाणी : एका दिवसाच्या सहलीची आखणी

दापोलीला येणारे बहुतेक पाहुणे मुरुड-कर्द्याचा किनारा, हर्णैचा मासळीचा लिलाव आणि आंजर्ल्याचा कड्यावरचा गणपती एवढे पाहून परत जातात. तालुक्याच्या आतल्या अंगाला, कोटजाई नदीच्या काठी, कातळात कोरलेली एकोणतीस लेणी आहेत आणि तेथून फार दूर नसलेल्या उन्हवरे गावात जमिनीतून कढत पाणी वर येते, हे त्यांना ठाऊक असले तरी दोन्ही एका दिवसात नीट कशी पाहावीत याची कल्पना नसते. आमच्या घरी उतरणाऱ्या मंडळींना मी ही सहल अनेकदा घडवून आणली आहे आणि काही वेळा बिघडवलीही आहे. त्या अनुभवावरून ही आखणी लिहीत आहे.

दिवस निवडताना नोव्हेंबर ते फेब्रुवारी हा काळ धरावा. पावसाळ्यात लेण्यांसमोरची हिरवाई डोळ्यांचे पारणे फेडते हे खरे; परंतु पायऱ्यांवर आणि ओसरीच्या कडांवर शेवाळ धरते आणि म्हाताऱ्या माणसांना तेथे चालवणे धोक्याचे होते. एप्रिल-मेमध्ये कातळ असा तापतो की दुपारनंतर उन्हवऱ्याच्या गरम पाण्यात उतरण्याची इच्छाच उरत नाही. गौरी-गणपती आणि शिमगा हे दिवस मात्र कटाक्षाने टाळावेत. त्या दिवसांत चालक, जेवण करणारी बाई आणि लेणी दाखवणारा माणूस असे तिघेही आपापल्या घरी किंवा पालखीबरोबर असतात, आणि त्यांना तेथून उठवून आणणे कोणालाच शोभत नाही.

माहितगार माणूस बरोबर असल्याशिवाय या लेण्यांना जाऊ नये, असे माझे स्पष्ट मत आहे. वेरूळ-अजिंठ्याला माणूस एकटा गेला तरी शिल्पांचा आकारच त्याच्याशी बोलतो. पन्हाळेकाजीत तसे होत नाही. येथली पुष्कळ शिल्पे लहान आहेत, झिजलेली आहेत आणि अंधाऱ्या भिंतींवर आहेत. माणूस ठरवण्याआधी त्याला एकच प्रश्न विचारावा : दहाव्या लेण्यातील मूर्ती कोणाची? 'कोणत्यातरी देवाची' असे उत्तर आले तर गाडीचा रस्ता विचारून घ्यावा आणि दुसरा माणूस पाहावा. त्याचे मानधन, थांबण्याचे तास आणि उन्हवऱ्यापर्यंत तो बरोबर येणार की नाही, हे आदल्या दिवशी बोलून ठेवावे. एका माहितगारामागे दहा-बाराहून अधिक माणसे नेऊ नयेत, कारण लेण्यांच्या खोल्या लहान आहेत आणि मागच्या चार जणांना फक्त पुढच्यांच्या पाठी दिसतात.

पन्हाळेकाजी दापोलीपासून साधारण तीस किलोमीटरवर आहे, पण रस्ता अरुंद आणि वळणांचा असल्याने तासाहून अधिक वेळ धरावा. सकाळी सातला निघालेली मंडळी साडेआठच्या आत लेण्यांपाशी पोहोचतात. मोबाइलची रेंज मध्येच जाते, म्हणून नकाशा आधी उतरवून घ्यावा आणि सुटे पैसे जवळ ठेवावेत. दुपारच्या जेवणाचा निरोप आदल्या संध्याकाळीच द्यावा. आयत्या वेळी गावात हॉटेल सापडेल या आशेवर राहू नये. तांदळाची भाकरी, कुळथाची पिठी, भात आणि सोलकढी एवढे सांगितले तरी पुरते. मासळी हवीच असेल तर ती त्या दिवशी बाजारात काय येते यावर सोडावी.

आता लेण्यांविषयी, कारण सहलीचा खरा वेळ येथेच द्यायचा आहे. कोकणावर राज्य करणाऱ्या शिलाहार घराण्यातील राजा अपरादित्य याच्या काळातील, इ.स. ११३९चा एक ताम्रपट या गावात सापडला. त्यात या ठिकाणाचे नाव प्रणालक असे येते आणि आजचे 'पन्हाळे' हे त्याचेच रूप. भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणाचे मधुसूदन नरहर देशपांडे यांनी लेण्यांचा सविस्तर अभ्यास केला आणि तो १९८६ मध्ये प्रसिद्ध झाला. कोटजाई पुढे दाभोळच्या खाडीला मिळते आणि दाभोळ हे जुने बंदर. आज आडबाजूला वाटणारी ही जागा एके काळी बंदरापासून घाटाकडे जाणाऱ्या वर्दळीच्या जवळ होती, हे माहितगाराने सुरुवातीलाच सांगावे. म्हणजे 'इथे कोण कशाला आले असेल' हा प्रश्न तासभर कोणाच्या डोक्यात घोळत राहत नाही.

लेण्यांना क्रमांक दिलेले आहेत. बहुतेक लोक पहिल्यापासून सुरू करून क्रमाने पुढे जातात आणि पंधराव्यापाशी कंटाळतात. त्याचे कारण क्रमांक जागेचे आहेत, काळाचे नाहीत. येथे साधारण तिसऱ्या शतकात हीनयान, म्हणजे जुन्या साध्या पंथाच्या, बौद्ध भिक्षूंनी कोरायला सुरुवात केली. दहाव्या-अकराव्या शतकांत वज्रयान, म्हणजे मंत्र-तंत्र मानणाऱ्या पंथाचे, बौद्ध आले. शिलाहारांच्या काळात शिव आणि गणपती यांची उपासना रुजली. आणि चौदाव्या शतकाच्या सुमारास नाथपंथीयांनी येथे वस्ती केली. नवे आले म्हणून जुने सगळे मोडले गेले नाही. एकाच खोलीत आधीच्या भिक्षूचा साधा बाक आणि नंतरच्या उपासकाने कोरलेली मूर्ती शेजारी शेजारी राहिली. म्हणून माझ्या मते क्रमांक बाजूला ठेवून चार टप्प्यांनी पाहावे. आधी एखादे अगदी साधे, पडवी आणि आतली खोली एवढेच असलेले लेणे दाखवावे आणि तेथे मंडळींना पाच मिनिटे बसू द्यावे. नंतर दहाव्या लेण्यात जावे. तेथे महाचंडरोषण या वज्रयान देवतेची मूर्ती आहे : उगारलेली तलवार, हातात पाश आणि चेहऱ्यावर उग्र भाव. शांत बुद्धमूर्ती पाहण्याची सवय असलेला मराठी माणूस येथे हमखास चमकतो.

तिसऱ्या टप्प्यासाठी एकोणिसावे लेणे घ्यावे. आत शिवलिंग आहे आणि छतावर रामायण-महाभारतातील प्रसंग कोरलेले आहेत. हे प्रसंग पाहण्याची एक युक्ती आहे. विजेरीचा झोत समोरून मारला तर सगळे सपाट, राखाडी दिसते. विजेरी छताच्या जवळ, एका बाजूला आडवी धरली की झिजलेल्या रेषांच्या सावल्या पडतात आणि मघाशी जेथे नुसता खडबडीत दगड होता तेथे हात, धनुष्य, रथाचे चाक असे एकेक उमटू लागते. मुलांच्या हाती विजेरी देऊन त्यांनाच शोधायला लावावे. मोठ्यांपेक्षा त्यांना आधी सापडते. मोबाइलचा दिवा चालतो, पण अरुंद झोताची साधी विजेरी अधिक बरी. मूर्तीवर पाणी शिंपडून किंवा खडूने रेषा उठवून छायाचित्र काढणाऱ्यांना तेथेच थांबवावे.

नाथपंथासाठी चौदावे लेणे आहे, आणि बाकीच्यांपासून थोडे दूर असलेले एकोणतिसावे, ज्याला गौर लेणे म्हणतात. पाय दुखतात म्हणून हेच नेमके गाळले जाते, आणि मला ते सर्वांत मोठे नुकसान वाटते. तेथे चौऱ्याऐंशी सिद्धांच्या, म्हणजे नाथपंथ मानतो त्या सिद्ध योग्यांच्या, मालिकेतील लहान लहान आकृती आहेत. माशाच्या पोटात राहून शिवाने पार्वतीला केलेला उपदेश ऐकणाऱ्या मत्स्येंद्रनाथांची कथा आपल्याकडे घरोघरी नवनाथांच्या पारायणात ऐकलेली असते. आदिनाथ, मत्स्येंद्र, गोरक्ष, गहिनी, निवृत्ती आणि ज्ञानदेव ही परंपरा ज्यांना पाठ आहे, त्यांना ही भिंत वेगळी ओळखीची वाटते. एकदा एक वारकरी आजोबा येथे चप्पल काढून उभे राहिले आणि माहितगाराने न विचारताच गप्प राहायचे ठरवले. ते त्याने बरोबर केले.

लेण्यांखालची नदी पाहून पोहण्याचा मोह होतो. तो आवरावा. वाशिष्ठी आणि जगबुडी या नद्यांच्या खोऱ्यांत मगरी आहेत आणि कोटजाईचे पाणी शेवटी त्यांच्याच दाभोळच्या खाडीला जाते. शिवाय डोहाची खोली वरून कळत नाही. अंग भिजवण्याची हौस उन्हवऱ्यासाठी राखून ठेवावी.

कोकणात गरम पाण्याला 'ऊन पाणी' म्हणतात आणि उन्हवरे, राजापूरजवळचे उन्हाळे ही गावांची नावे त्यावरूनच पडलेली दिसतात. येथे जिवंत ज्वालामुखी नाही. पावसाचे पाणी कातळाच्या भेगांतून खोल जाते, तेथील उष्णतेने तापते आणि दुसऱ्या भेगेतून वर येते. उन्हवऱ्याच्या मूळ झऱ्याचे तापमान ७० अंश सेल्सिअसच्या आसपास आहे, म्हणजे त्यात हात घातला तर भाजतो. आंघोळ झऱ्यात नव्हे, तर शेजारच्या कुंडात करायची; पुरुषांची आणि स्त्रियांची कुंडे वेगळी आहेत. कुंडाचे पाणीही कढतच लागते, म्हणून आधी तांब्याने पायांवर, मग गुडघ्यांवर पाणी घ्यावे आणि अंगाला सवय झाल्यावरच उतरावे. दहा मिनिटांनी बाहेर यावे, थंड पाणी प्यावे, सावलीत बसावे. रक्तदाब किंवा हृदयविकार असलेल्यांनी आणि गरोदर स्त्रियांनी डॉक्टरांना विचारल्याखेरीज उतरू नये, लहान मुलांना तर कडेलाच तांब्याने आंघोळ घालावी. साबण लावू नये. पाण्याला गंधकाचा वास असतो आणि त्यामुळे चांदी काळी पडते. आमच्या एका पाहुणीचे पैंजण पाहता पाहता काळे झाले होते, तेव्हापासून दागिने गाडीतच काढायला सांगतो.

आधी कुंड आणि मग लेणी असा क्रम मी एकदाच केला. उन्हवऱ्याला सकाळी गर्दी नसते, असा माझा हिशेब होता. तो बरोबर निघाला, पण गरम पाण्याने अंग सैल झालेली सगळी मंडळी नंतर लेण्यांत जांभया देत राहिली आणि दोघे ओसरीवर चक्क झोपले. तेव्हापासून लेणी बारापर्यंत, जेवण एकपर्यंत, त्यानंतर तासभर झाडाखाली विसावा, आणि साडेतीन वाजता कुंड असे ठरवले आहे. जेवल्या जेवल्या गरम पाण्यात उतरू नये, म्हणून मधला विसावा कापू नये.

परतीला साडेपाचच्या आत निघावे. रस्त्यावर गुरे घराकडे वळत असतात, वळणांवर दिवे नसतात आणि गरम पाण्यानंतर चालकालाही पेंग येते. त्याला कुंडात उतरू न देता चहा पाजावा आणि त्याच्या आंघोळीची सोय घरी पोहोचल्यावर करावी.