१८१५च्या सुमाराचे इंग्लिश कॉर्सेट घरी कसे शिवावे

एकोणिसाव्या शतकाच्या पहिल्या दोन दशकांतले कॉर्सेट, म्हणजे झग्याच्या आत घालायचे, धडाला आधार देणारे घट्ट वस्त्र, शिवायला घेणाऱ्याने आधी कमरेचा विचार बाजूला ठेवावा. कॉर्सेट म्हटले की आवळून बारीक केलेली कंबर डोळ्यांपुढे येते, परंतु ते चित्र पुढच्या, व्हिक्टोरिया राणीच्या काळातले आहे. १८०० ते १८२० या काळात इंग्लंडमधील स्त्रियांच्या झग्याची कंबर थेट छातीखाली असे आणि तिथून घेर सरळ पायांपर्यंत उतरे. शरीराची खरी कंबर कापडाखाली झाकलेलीच राहत असल्यामुळे ती आवळण्याला फारसे कारण नव्हते. कॉर्सेटचे काम वेगळे होते: स्तन वर उचलून धरायचे, ते एकमेकांपासून वेगळे ठेवायचे, पाठ ताठ राखायची आणि पोटावरून मांड्यांपर्यंत एक सलग, गुळगुळीत रेघ द्यायची. त्या काळी बंगालमधून गेलेली आणि पुढे लँकेशरच्या गिरण्यांत विणली जाऊ लागलेली मलमल इतकी पातळ असे, की आतल्या वस्त्रातील प्रत्येक उणीव वरून दिसून येई. नाटकासाठी त्या काळचा झगा शिवूनही तो अंगावर ‘आजचाच’ का दिसतो, असा प्रश्न वेशभूषा करणाऱ्यांना अनेकदा पडतो. त्याचे उत्तर बहुतेक वेळा झग्यात सापडत नाही, ते आतल्या आधारात असते.

आधी वर्ष ठरवावे

अठराव्या शतकातील देवमाशाच्या तोंडातल्या लवचिक पट्ट्यांनी ठासून भरलेली, धडाला शंकूचा आकार देणारी कॉर्सेट १७९०च्या दशकात झग्याची कंबर वर सरकल्यावर मागे पडू लागली. त्यानंतर काही वर्षे अनेकींनी छातीपुरती आखूड कॉर्सेट वापरली. १८१०च्या आसपास नितंबांपर्यंत पोहोचणारे लांब कॉर्सेट चांगलेच रूढ झाले. १८२०च्या दशकात झग्याची कंबर हळूहळू खाली आली आणि तिच्याबरोबर कंबर आवळणेही परतले. छाती किती उचलायची हेसुद्धा वर्षागणिक बदलत होते. इंग्लिश कादंबरीकार जेन ऑस्टिनने सप्टेंबर १८१३मध्ये बहीण कॅसँड्राला लिहिलेल्या पत्रात, आता छाती जबरदस्तीने वर ढकलणारी कॉर्सेट शिवली जात नाहीत, ही बातमी मोठ्या गमतीने कळवली आहे आणि ती जुनी पद्धत अशोभनीय होती असेही म्हटले आहे. म्हणून ज्या वर्षाचा पोशाख करायचा असेल, त्या वर्षाची चित्रे समोर ठेवूनच कामाला लागावे. लंडनचे व्हिक्टोरिया अँड अल्बर्ट संग्रहालय आणि न्यूयॉर्कचे मेट्रोपॉलिटन संग्रहालय यांच्या संकेतस्थळांवर मूळ वस्त्रांची छायाचित्रे पाहता येतात. पुढील कृती १८१५च्या सुमाराच्या लांब कॉर्सेटची आहे.

सामान

वरच्या थरासाठी घट्ट विणीचे पांढरे सुती जीन किंवा बारीक ड्रिल (दोन्ही तिरप्या विणीची मजबूत कापडे) एक मीटर आणि अस्तरासाठी तितकेच जाड मांजरपाट किंवा लिनन घ्यावे. ताणले जाणारे, म्हणजे लायक्रा मिसळलेले कापड अजिबात घेऊ नये, कारण या वस्त्राचा सगळा आधार कापडाच्या न ताणण्यावर उभा आहे. दोन्ही कापडे गरम पाण्यातून काढून, आटवून आणि इस्त्री करूनच बेतायला घ्यावीत. याशिवाय २ मिलिमीटर जाडीची पिळदार सुती दोरी, मेण लावलेला मजबूत दोरा, काठांसाठी सुती फीत, पाठीसाठी सुमारे तीन मीटर नाडी आणि ३० सेंटिमीटरची लाकडी फूटपट्टी लागेल. फूटपट्टी कशासाठी, ते पुढे येईलच. नमुना बेतण्यासाठी स्वस्त मांजरपाट वेगळे ठेवावे.

मापे घेणे आणि कच्चा नमुना बेतणे

कॉर्सेट थेट अंगावर घातले जात नसे. आत लिननचा, गुडघ्यापर्यंतचा सैल शेमीज असे, त्यावर कॉर्सेट, त्यावर खांद्यांवरून पट्ट्या असलेला परकर आणि सर्वांत वर झगा. घाम शेमीज शोषून घेई आणि तो वरचेवर धुता येई, त्यामुळे कॉर्सेट स्वच्छ राही. तेव्हा मापेसुद्धा शेमीज किंवा त्यासारखा पातळ सुती कपडा घालूनच घ्यावीत.

छातीचा घेर, छातीखालचा घेर, कंबर, नितंब आणि छातीखालपासून नितंबांपर्यंतची लांबी एवढी मापे पुरतात. मात्र छातीचे माप घेताना स्तन हातांनी वर उचलून धरावेत. खांदा आणि कोपर यांच्या मधोमध छातीचा सर्वांत उंच बिंदू यावा, असा अंदाज ठेवला की त्या काळच्या चित्रांतली ठेवण मिळते. हे माप सैल पडले तर पुढचे सर्व काम वाया जाते, म्हणून ते दुसऱ्या व्यक्तीकडून घेणे चांगले.

कॉर्सेटचे मुख्य तुकडे थोडेच असतात: समोरचा एक अखंड भाग आणि पाठीचे दोन. त्यांचा कागदी नमुना छातीखालच्या घेरावर बेतावा, छातीच्या घेरावर नव्हे. छातीसाठी लागणारी जागा नंतर कळ्या, म्हणजे त्रिकोणी तुकडे, घालून मिळवायची असते. पाठीच्या दोन काठांमध्ये चारपाच सेंटिमीटरची फट राहील इतके माप कमी धरावे, कारण वापरात कापड थोडे सैल पडते आणि नाडी ओढायला जागा लागते.

आता मांजरपाटाचा नमुना कच्च्या टाक्यांनी जोडून अंगावर चढवावा आणि पाठीमागे पिनांनी बंद करावा. समोरच्या भागावर, प्रत्येक स्तनाखाली वरच्या काठापासून खाली अशा दोन उभ्या चिरा द्याव्यात. प्रत्येक चीर स्तन जिथे सुरू होतो, नेमकी तिथेच थांबली पाहिजे. ती वर थांबली तर काठ छातीत रुततो आणि खाली गेली तर स्तन त्या पोकळीत घसरून सगळा उठाव नाहीसा होतो. स्तन वर उचलून चिरा आपोआप किती उघडतात ते पाहावे आणि उघडलेल्या जागेत मांजरपाटाचे त्रिकोणी तुकडे पिनांनी बसवावेत. कळीचे माप कोणत्याही तक्त्यातून न घेता असे अंगावरच घ्यावे, असा माझा आग्रह आहे, कारण तक्ता सरासरीचा असतो आणि शरीर एका व्यक्तीचे असते. नितंबांच्या बाजूलाही कमरेपासून खाली एकेक चीर देऊन हीच रीत वापरावी. हा नमुना घालून बसून, वाकून आणि हात वर करून पाहिल्याशिवाय चांगल्या कापडाला कात्री लावू नये.

दोरी भरणे

या काळात देवमाशाच्या पट्ट्या थोड्याच वापरल्या जात. बराचसा ताठपणा दोन थरांमध्ये भरलेल्या सुती दोरीतून येई. दोरीमुळे कापड लवचिक राहते, शरीराबरोबर वळते आणि धुताही येते. समोरच्या भागाच्या आकारापेक्षा चारही बाजूंनी चारपाच सेंटिमीटर मोठे असे दोन्ही थर कापून एकावर एक ठेवावेत. छातीच्या कळ्यांच्या खाली, कमरेपर्यंतच्या पट्ट्यात समांतर रेषा आखून पहिली टीप मारावी, तिला चिकटून दोन थरांमध्ये दोरी ठेवावी आणि दोरीच्या अगदी कडेने दुसरी टीप मारावी. याप्रमाणे एकेक ओळ भरत जावे. दोरी आत सैल राहिली तर तिचा काहीच उपयोग नसतो. प्रत्येक ओळ कापड थोडे ओढून घेते, म्हणून दोरी भरून झाल्यावरच नमुना पुन्हा वर ठेवून अंतिम आकार कापावा. मशीनने टीप मारली तरी चालेल. मूळ वस्त्रे अर्थातच हाताने शिवलेली आहेत, पण झग्याखाली या टिपा दिसत नाहीत.

कळ्या बसवणे

सर्व कामातील हा सर्वांत नाजूक भाग आहे. वरचा थर आणि अस्तर दोन्हींना एकत्र, उभ्या धाग्यावर चीर द्यावी. चिरेचे काठ वरच्या बाजूला सुमारे अर्धा सेंटिमीटर आत दुमडावेत आणि टोकाकडे जाताना दुमड कमी करत शून्यावर आणावी. कळी उभ्या धाग्यावर कापून चिरेच्या खालून ठेवावी, कच्च्या टाक्यांनी धरावी आणि दुमडलेल्या काठाच्या अगदी जवळून बारीक उलटी टीप घालावी. टोकाशी दुमडायला कापडच उरत नाही आणि नेमका तिथेच सर्वांत जास्त ताण येतो. म्हणून टोकावर काजाचे टाके एकमेकांना चिकटवून घालावेत आणि त्यावर एक आडवा बंद शिवावा. मूळ कॉर्सेटवर या टोकांना केलेले बारीक भरतकाम शोभेचे वाटते, पण त्याचे पहिले काम कापड फाटू न देणे हेच आहे. वरच्या काठाच्या आत एक बारीक नाडी ओवून ठेवली, तर कळ्यांचा काठ छातीवर घट्ट बसवता येतो.

मधली पट्टी

समोर अगदी मध्यभागी, छातीच्या हाडापासून ओटीपोटापर्यंत एक ताठ, सपाट पट्टी उभी असे. तिला बस्क म्हणतात. ती लाकडाची, देवमाशाच्या हाडाची किंवा हस्तिदंताची असे. देवमाशांच्या शिकारीवर गेलेले खलाशी असे बस्क कोरून घरच्या स्त्रीसाठी आणत, तर कोणी प्रियकर त्यावर बदाम किंवा आद्याक्षरे कोरून भेट देई. ही पट्टी स्तन वेगळे ठेवते आणि बसताना पाठ वाकू देत नाही. आपल्या कामाला ३० सेंटिमीटरची लाकडी फूटपट्टी, दोन्ही टोके काचकागदाने गोल करून, उत्तम चालते. समोरच्या भागात पट्टीच्या रुंदीपेक्षा फक्त तीनचार मिलिमीटर जास्त अंतर ठेवून दोन उभ्या टिपा माराव्यात, खालचे तोंड बंद करावे आणि वरच्या तोंडाशी दोन आयलेट, म्हणजे नाडी ओवायची भोके, करून बारीक फितीने ते बांधावे, म्हणजे धुताना पट्टी काढता येईल. समोरून उघडणारा, दोन भागांचा धातूचा बस्क आज बाजारात मिळतो, पण तो या काळाच्या नंतरचा आहे. तो लावला की वस्त्र लगेच पुढच्या काळातले दिसू लागते.

पाठीची आयलेट, पट्ट्या आणि काठ

आता बाजूच्या शिवणी घालून पाठीचे भाग समोरच्या भागाला जोडावेत. पाठीच्या काठांवर आयलेटच्या ओळीच्या दोन्ही बाजूंना एकेक ताठ पट्टी घालावी. त्यासाठी प्लास्टिकचे रुंद केबल टाय कापून वापरता येतात. आयलेट सुमारे अडीच सेंटिमीटर अंतरावर करावीत. एकाच नाडीने नागमोडी ओवायचे असल्याने एका बाजूची ओळ दुसरीपेक्षा अर्ध्या अंतराने सरकवून घ्यावी. भोक टोच्याने पाडावे, कात्रीने कापू नये: टोचा धागे बाजूला सारतो, तोडत नाही, म्हणून भोक ताण सोसते. मग काठाभोवती मेण लावलेल्या दोऱ्याने दाट टाके घालावेत. धातूची आयलेट १८२८च्या सुमारास आली, त्यामुळे १८१५च्या वस्त्रावर ती लावू नयेत.

खांद्यांच्या पट्ट्या मागे पक्क्या शिवाव्यात आणि पुढे फितीने बांधाव्यात. झग्याचा गळा रुंद असल्याने त्या खांद्याच्या कडेला आल्या पाहिजेत. शेवटी सर्व काठांना सुती फितीचा गोट लावावा.

घालणे आणि धुणे

शेमीज घालून कॉर्सेट चढवावे, नाडीचे एक टोक खालच्या आयलेटला गाठ मारून वरपर्यंत ओवावे आणि मग हळूहळू सैलपणा काढून घ्यावा. बस्क आत सरकवल्यावर वाकून, हात आत घालून दोन्ही स्तन उचलून कळ्यांमध्ये नीट बसवावेत. ही पायरी गाळली तर उत्तम शिवलेले कॉर्सेटही चुकीचे दिसते. पोटभर श्वास घेता आला पाहिजे. तो अडत असेल तर नाडी सैल करावी, आणि बरगड्यांवर किंवा काखेत टोचत असेल तर तो काठ पुन्हा उसवून खाली कापावा. पहिले काही दिवस तासदोन तासच घालावे, म्हणजे कापड अंगाच्या आकाराला बसते आणि नाटकाच्या तालमीत अभिनेत्रीला त्यातून बसण्या-उठण्याची सवयही होते. धुताना बस्क काढून कोमट पाण्यात हाताने धुवावे, पिळू नये आणि सपाट पसरून सावलीत वाळवावे.