बंद पडलेल्या कंपनीकडे अडकलेला पगार आणि ग्रॅच्युइटी कशी मागायची

गेटला कुलूप लागलं म्हणजे कंपनी कायद्याने संपली असं नाही, हे आधी डोक्यात घ्या. एमसीएच्या (केंद्राच्या कंपनी मंत्रालयाच्या) साइटवर मास्टर डेटामध्ये कंपनीचं नाव टाका, फुकट आहे, आणि स्टेटस बघा. 'ॲक्टिव्ह' असेल तर लेबर ऑफिस, लेबर कोर्ट हा नेहमीचा रस्ता आहेच. 'स्ट्राइक ऑफ', म्हणजे रजिस्टरमधून नाव काढलेलं असेल तरी हातपाय गाळू नका, कामगार किंवा येणेकरी 20 वर्षांच्या आत एनसीएलटीकडे (कंपन्यांच्या प्रकरणांच्या न्यायाधिकरणाकडे) कंपनी पुन्हा रजिस्टरवर आणायचा अर्ज करू शकतो.

इन्सॉल्व्हन्सी, म्हणजे दिवाळखोरीची प्रक्रिया चालू असेल तर आयबीबीआयच्या (दिवाळखोरी नियामक मंडळाच्या) साइटवर जाहिरात शोधा, त्यात रिझोल्यूशन प्रोफेशनलचा, म्हणजे ती प्रक्रिया चालवणाऱ्या माणसाचा ईमेल आणि क्लेमची, म्हणजे आपलं येणं मागायची शेवटची तारीख असते. मुदत साधारण 14 दिवसांची. हुकली तर उशिराचं कारण लिहून इन्सॉल्व्हन्सी सुरू झाल्यापासून 90 दिवसांपर्यंत तरी पाठवाच. "लेबर कोर्टात केस आहे ना, मग क्लेम कशाला" हा सल्ला मी किती जणांच्या तोंडून ऐकला असेल, आणि दरवेळी माणसं बुडाली आहेत, कारण इन्सॉल्व्हन्सीत मोरॅटोरियम, म्हणजे दाव्यांवर स्थगिती लागली की कंपनीविरुद्धच्या त्या केसेस जागीच थांबतात.

आता फॉर्म डी, म्हणजे कामगार-कर्मचाऱ्यांनी क्लेम भरायचा फॉर्म. इथे मी स्वतः अडकलो होतो. पहिल्यांदा सहकाऱ्यांचे फॉर्म भरले तेव्हा पगार, रजेचे पैसे, पीएफ, ग्रॅच्युइटी सगळं मिळून एकच आकडा टाकला, आणि सगळे फॉर्म परत आले, चाळीस लोकांची हजेरी आणि स्लिपा परत काढायला तीन आठवडे गेले. असं करू नका. प्रत्येक येणं वेगळ्या ओळीत, वेगळ्या हिशोबासकट लिहा. कारण लिक्विडेशन, म्हणजे मालमत्ता विकून पैसे वाटणं झालं तर कामगारांचा मागच्या 24 महिन्यांचा पगार तारण ठेवून कर्ज दिलेल्या बँकांच्या बरोबरीने येतो, कामगार नसलेल्या स्टाफचा फक्त 12 महिन्यांचा आणि तोही त्यांच्यानंतर, पण पीएफ-ग्रॅच्युइटी फंडातले पैसे त्या वाटणीत धरतच नाहीत, ते वेगळे राहतात. जेट एअरवेज 2019 ला बंद पडली, तिच्या लोकांचा पीएफ आणि ग्रॅच्युइटी पूर्ण द्यायचा आदेश 2022 ला एनसीएलटीच्या वरच्या अपील ट्रिब्युनलने दिला आणि 2023 ला सुप्रीम कोर्टाने तो कायम ठेवला. एकाच आकड्यात कोंबलंत तर हा मुद्दा मांडणार कशावर?

ग्रॅच्युइटीचा हिशोब सोपा आहे, शेवटचा महिन्याचा बेसिक अधिक डीए (महागाई भत्ता), भागिले 26, गुणिले 15, गुणिले नोकरीची वर्षं. 26,000 आणि 18 वर्षं असतील तर 2,70,000. सगळा हिशोब इन्सॉल्व्हन्सी सुरू झालेल्या तारखेपर्यंतच करा, आजपर्यंतचा नाही.

पुरावा म्हणून अपॉइंटमेंट लेटर, स्लिपा, पगार जमा झालेलं बँक स्टेटमेंट, पीएफ पासबुक. स्लिपा नसतील तर बँक स्टेटमेंट आणि फॉर्म 16 वर काम भागतं.

क्लेम भरायला सरकारी फी नाही, हजार-दोन हजार मागणाऱ्या एजंटाला दारातूनच परत पाठवा. ईमेल करा, पोचपावती मागा, आणि येणेकऱ्यांची यादी लागली की स्वतःचं नाव आणि मान्य झालेला आकडा बघा, कमी धरला असेल तर त्याच दिवशी कारण लेखी मागा.