जर्मनीत नव्यानं आलात? रँक्ड खेळायच्या आधी हे वाचा

हिवाळी सेमिस्टरला पुण्या-मुंबईहून येणारी मुलं पहिल्या पंधरवड्यात पत्त्याची नोंदणी, बँक खातं, आरोग्यविमा, सिम कार्ड हे सगळं धावपळीत उरकतात. मग पहिला मोकळा शनिवार मिळाला की लॅपटॉप उघडून थेट रँक्ड क्यू लावतात, म्हणजे हारजीतीवरून रँक ठरवणाऱ्या ऑनलाइन मॅचच्या रांगेत शिरतात. बाकीची कामं लवकर करा, हे शेवटचं मात्र थोडं लांबवा. नव्या अकाउंटवर किंवा नव्या सीझनला पहिल्या पाच-दहा मॅचमधली एकेक मॅच नंतरच्या मॅचच्या कितीतरी पट जड असते. या सुरुवातीच्या मॅचना प्लेसमेंट म्हणतात. त्या होस्टेलच्या डळमळीत वायफायवर उडवू नका.

आत काय चालतं

प्लेसमेंट ही परीक्षा आहे, दहापैकी आठ जिंकल्या की गोल्ड, सहा जिंकल्या की सिल्व्हर, असा समज सगळीकडे आहे. तो आधी काढून टाका. सिस्टिम तुमच्याबद्दल दोन आकडे बाळगते: एक तुमच्या ताकदीचा अंदाज, दुसरा त्या अंदाजातली अनिश्चितता. रँकचा बिल्ला हे फक्त दर्शनी रूप. प्लेसमेंटमध्ये मुख्यतः तो दुसरा आकडा खाली येत असतो.

मार्क ग्लिकमन यांनी १९९५ मध्ये मांडलेली ग्लिको पद्धत घेऊन हिशेब केला की चित्र स्वच्छ दिसतं. नवा खेळाडू १५०० वर सुरू होतो आणि अनिश्चितता असते ३५०. समोर १५०० चाच, पण मुरलेला खेळाडू आहे असं धरा. पहिली मॅच जिंकली तर नव्याला सुमारे १७५ गुण मिळतात आणि अनिश्चितता २४७ च्या आसपास येते. अशाच तोडीस तोड प्रतिस्पर्ध्यांशी खेळत राहिलं तर पाचव्या मॅचची किंमत ५८ च्या घरात उरते, दहावीची ३२ च्या. ज्याची अनिश्चितता ५० वर स्थिरावली आहे अशा जुन्या खेळाडूला त्याच विजयाचे फक्त ७ गुण मिळतात. हरलात तर हेच आकडे उणे होतात. पाच किंवा दहा हा आकडा गेम कंपन्या का निवडतात तेही यातून कळतं: तोवर मोठे धक्के संपलेले असतात आणि दाखवायला बरा असा अंदाज हाती येतो.

दाखवायला बरा, अचूक नव्हे. वरचा हिशेब एकास एक खेळाचा आहे. पाच जणांच्या टीममध्ये निकालातला तुमचा वाटा धूसर होतो, कारण सिस्टिमला दिसतो तो दहा जणांचा मिळून एक निकाल. मायक्रोसॉफ्टनं एक्सबॉक्ससाठी बनवलेल्या ट्रूस्किल पद्धतीच्या माहितीत याचे आकडे दिले होते: एकास एक सामन्यात खेळाडूची पातळी कळायला किमान १२ गेम, तर चार विरुद्ध चारमध्ये ४६. पाच विरुद्ध पाचच्या दहा प्लेसमेंट मॅचमधून तुमची खरी जागा सापडणं गणितातच बसत नाही. प्लेसमेंट खराब गेली म्हणून नवं अकाउंट काढणाऱ्यांनी हा ४६ चा आकडा लक्षात ठेवावा. नव्या अकाउंटवरही तेवढंच खेळावं लागणार, वर अनलॉक करण्याची हमाली वेगळी.

समोर कोण आहे यावरही बरंच ठरतं. २०० गुणांनी वरच्या खेळाडूविरुद्ध तुम्ही साधारण शंभरात २४ वेळा जिंकाल असं सिस्टिम आधीच धरून चालते. म्हणून तिथली हार स्वस्त आणि जीत महाग. दहापैकी पाचच जिंकलेला मुलगा सात जिंकलेल्याच्या वर बसतो, तो यामुळे.

गेमनुसार

व्हॅलोरंटसाठी सगळ्यात महत्त्वाचं: आधी रीजन (अकाउंटचा भौगोलिक विभाग), मग रँक्ड. हा गेम बनवणाऱ्या रायट कंपनीचं अकाउंट ज्या रीजनचं असेल त्याच रीजनचे सर्व्हर मिळतात. भारतात काढलेलं अकाउंट आशिया-पॅसिफिकचं असतं, त्यावर फ्रँकफर्ट सर्व्हर दिसणारच नाही. रीजन बदलायचा अर्ज जर्मनीत पोचल्यावर, जर्मन नेटवरून, व्हीपीएन बंद ठेवून करा. बदल झाल्यावर मुंबईच्या मित्रांबरोबर पार्टी करता येणार नाही, हे त्यांना आधी सांगून टाका. नवं अकाउंट असेल तर कॉम्पिटिटिव्ह उघडायला लेव्हल २० लागते आणि पहिल्यांदा पाच प्लेसमेंट मॅच असतात. पाचही जिंकल्या तरी थेट इमॉर्टल हा वरचा रँक मिळत नाही, प्लेसमेंटला वरची मर्यादा आहे. वैयक्तिक खेळ काही प्रमाणात मोजला जातो, पण हारजीत मुख्य. तेव्हा किल वाढवण्याच्या नादात स्पाइक (गेममधला बॉम्ब) सोडून फिरू नका.

काउंटर-स्ट्राइक २ मध्ये अकाउंटला रीजनचं बंधन नाही. स्टीम अकाउंट तेच राहतं आणि सर्व्हर पिंग, म्हणजे सर्व्हरपर्यंत जाऊन-यायला लागणारे मिलिसेकंद, पाहून निवडला जातो. प्रीमियर या रँक्ड प्रकारासाठी अकाउंटला प्राइम हा दर्जा लागतो आणि पहिलं रेटिंग दिसायला दहा विजय लागतात. विजय म्हणतोय, मॅच नव्हे. हार त्या दहात धरली जात नाही, पण आतल्या आकड्यात नक्की धरली जाते. म्हणजे दहा विजय गोळा करताना पंधरा मॅच हरलात तर रेटिंग उघडतं ते राखाडी पट्ट्यात, ५००० च्या खाली. मॅच अर्धवट सोडली तर बंदी ३० मिनिटांपासून सुरू होते आणि पुन्हा पुन्हा सोडल्यास ७ दिवसांपर्यंत जाते. नेट तुटून परत जोडता आलं नाही तरी शिक्षा तीच.

डोटा २ मध्ये रँक्ड उघडायला १०० तासांचा खेळ आणि अकाउंटला जोडलेला फोन नंबर लागतो. २०२३ पासून तिथे ग्लिको आहे. दहा ठरावीक मॅच नाहीत. रँक कॉन्फिडन्स, म्हणजे सिस्टिमला अंदाजाची वाटणारी खात्री, ३० टक्क्यांवर गेला की पदक दिसतं. बरेच दिवस खेळला नाहीत तर हा कॉन्फिडन्स घसरतो, त्यामुळे व्हिसा आणि स्थलांतराच्या गडबडीत चार-सहा महिने गेले असतील तर परतल्यावर गुण मोठ्या उड्या मारतील. घाबरू नका, पण पहिल्याच दिवशी रात्रभर बसूही नका.

ओव्हरवॉचला नव्या खेळाडूला आधी क्विक प्लेमध्ये (रँक नसलेल्या मॅचमध्ये) ५० विजय लागतात. नंतर दहा प्लेसमेंट, आणि प्रत्येक मॅचनंतर अंदाजित रँक दिसत राहतो. टँक, डॅमेज, सपोर्ट यांचे रँक वेगवेगळे. मित्र नाही म्हणाला म्हणून टँक घेतला, असं प्लेसमेंटमध्ये करू नका. त्या रोलचा रँक तुमच्याच नावावर लागतो.

लिचेसवर बुद्धिबळ खेळणाऱ्यांना यातलं काही करावं लागत नाही. १५०० वर सुरुवात, आणि रेटिंगपुढचं प्रश्नचिन्ह गेलं की आकडा पक्का झाला असं समजा.

फोन नंबर

हे काम गेमचं वाटत नाही म्हणून राहून जातं. स्टीमला जोडलेलं भारतीय सिम रिचार्ज न केल्यास काही महिन्यांत बंद होतं आणि नंतर तो नंबर दुसऱ्या कोणाला दिला जातो. जर्मन सिम हाती आल्याबरोबर, जुनं चालू असतानाच, नंबर बदलून घ्या. स्टीम गार्ड या लॉगिन-सुरक्षेचा आर अक्षरानं सुरू होणारा रिकव्हरी कोड कागदावर लिहून पासपोर्टच्या फाइलमध्ये ठेवा. फोन हरवला तर तोच कामाला येतो.

नेट आणि पिंग

जुन्या ओढीनं मुंबई सर्व्हरवर खेळायचा मोह होतो. त्याला भौतिकशास्त्रच आडवं येतं. फ्रँकफर्ट ते मुंबई सरळ रेषेत सुमारे ६,६०० किलोमीटर, आणि काचेच्या तंतूतून प्रकाश सेकंदाला सुमारे दोन लाख किलोमीटर जातो. फक्त जाऊन-येऊनच ६६ मिलिसेकंद झाले. केबल सरळ रेषेत नाहीत, त्यामुळे प्रत्यक्षात शंभराच्या वरच धरा. एवढ्या पिंगवर प्लेसमेंट खेळणं म्हणजे सिस्टिमला स्वतःबद्दल चुकीची माहिती पुरवणं. मित्रांशी खेळायचंच असेल तर अनरँक्ड खेळा. जर्मनीतून फ्रँकफर्टला केबलवर १० ते २५ पिंग सहज मिळतो. काउंटर-स्ट्राइकमध्ये कमाल मॅचमेकिंग पिंगची मर्यादा ६० वर ठेवा; क्यू लागायला फार वेळ लागला तर ८० करा.

विद्यार्थी वसतिगृहात भिंतीवर लॅनचं सॉकेट बहुधा असतं, पण ते चालू करायला नोंदणी करावी लागते. पहिल्याच आठवड्यात घरमालकाला किंवा नेटवर्क सांभाळणाऱ्यांना विचारा. विद्यापीठाच्या एज्युरोम वायफायवर काही ठिकाणी गेमचे पोर्ट बंद असतात: गेम लॉबीपर्यंत पोचतो आणि मॅच लोड होताना तुटतो. प्लेसमेंटमध्ये याचा अर्थ सरळ हार. मोबाइल हॉटस्पॉटचा सरासरी पिंग छान दिसतो, पण तो मधूनच दोनशेवर उडी मारतो. त्यावर विसंबू नका.

सामायिक फ्लॅटमध्ये दोष वायफायचा की लाइनचा, हे शोधायची सोपी रीत आहे. कमांड प्रॉम्प्टच्या दोन खिडक्या उघडा. एकीत राउटरला पिंग लावून ठेवा, जर्मनीतल्या अनेक घरांत असणाऱ्या फ्रिट्झबॉक्स राउटरचा पत्ता मुळात १९२.१६८.१७८.१ असतो. दुसरीत बाहेरच्या एखाद्या सर्व्हरला. संध्याकाळी आठ वाजता दहा मिनिटं चालू द्या. राउटरचाच आकडा २ वरून ८० वर उड्या मारत असेल तर वायफाय वाईट आहे: दहा-पंधरा मीटरची लॅन केबल आणा, ते जमत नसेल तर निदान ५ गिगाहर्ट्झच्या बँडवर जा. राउटरचा आकडा स्थिर आणि बाहेरचा उडत असेल तर दोष लाइनचा, बहुधा घरात कोणीतरी अपलोड करतंय. अशा वेळी फ्रिट्झबॉक्सच्या सेटिंगमध्ये इंटरनेट, मग फिल्टर, मग प्रिओरिझीरुंग (प्राधान्यक्रम) इथे तुमचा लॅपटॉप रिअल-टाइम गटात टाका. राउटरचा पासवर्ड ज्याच्याकडे असेल त्या फ्लॅटमेटला विचारून करा; परस्पर केलं की स्वयंपाकघरात चर्चा होते.

नवा कीबोर्ड इथल्या दुकानातून घेणार असाल तर जर्मन मांडणीत वाय आणि झेड यांची अदलाबदल असते, आणि काउंटर-स्ट्राइकचा कन्सोल उघडणारी कळही सवयीची सापडत नाही. कळांची मांडणी सरावाच्या मॅचमध्ये बसवा.

कधी आणि कोणाबरोबर

युरोपियन सर्व्हरवर सोलो क्यूमध्ये (एकट्यानं रांगेत शिरल्यावर) कामाची भाषा इंग्रजी, पण टीममध्ये पोलिश, तुर्की, रशियन, फ्रेंच बोलणारे असतात. लांब वाक्यं कोणी ऐकत नाही. जागा, संख्या, नुकसान, एवढंच सांगा: टू बी, वन लो (बी जागेवर दोघे, एक जखमी). मुंबई सर्व्हरवरच्या हिंदी कॉलची सवय असेल तर पाच-सहा अनरँक्ड मॅच निव्वळ कान तयार करायला द्या.

प्लेसमेंट शक्यतो तुमच्याच ताकदीच्या एका मित्राबरोबर ड्युओमध्ये खेळा. खूप वरच्या मित्राबरोबर खेळलात तर लॉबी वर सरकते, तुम्हाला काही सुचत नाही आणि जिंकलात तरी रँक तुम्हाला न झेपणारा मिळतो. तो नंतर वीस-पंचवीस मॅचमध्ये रडत रडत खाली येतो. दिवसाला दोन-तीन मॅच पुरे, सलग दोन हरलात की उठा. रात्री दहा ते सकाळी सहा इथे शांततेची वेळ असते. भिंती पातळ असतात, आणि क्लच (एकटे उरून लढलेली फेरी) हरल्यावर ओरडलात तर शेजारी खरंच तक्रार करतात.

घरच्या मित्रांशी वेळ जुळवताना: उन्हाळी वेळेत भारत साडेतीन तास पुढे, ऑक्टोबरच्या शेवटच्या रविवारपासून साडेचार. तिकडचे रात्रीचे साडेनऊ म्हणजे इथले सहा, हिवाळ्यात पाच.

रँक लागल्यावर

आता बिल्ल्याकडे कमी आणि गुणांच्या हालचालीकडे जास्त पाहा. व्हॅलोरंटमध्ये विजयाला २५ मिळतायत आणि हारीला १५ जातायत, तर आतला आकडा तुमच्या रँकच्या वर आहे. निम्म्या मॅच जिंकूनही चढाल. उलटं असेल तर सिस्टिमच्या मते तुम्ही जरा वर बसवले गेला आहात. प्रीमियरमध्ये जिंकल्यास किती आणि हरल्यास किती हे मॅचच्या सुरुवातीलाच दिसतं. हे अंतर दहा-पंधरा मॅच नोंदवून ठेवलंत तर प्लेसमेंटनं तुम्हाला कुठे चुकवलंय ते कळेल.

डिसेंबरात सुट्टीला घरी गेलात तर डोटा आणि काउंटर-स्ट्राइक तिथल्या जवळच्या सर्व्हरवर निवांत खेळा, रेटिंग तेच राहतं. व्हॅलोरंटचं अकाउंट युरोपचं झालेलं असेल तर पुण्यातून फ्रँकफर्टला तोच शंभराच्या वरचा पिंग लागेल. त्या तीन आठवड्यांत रँक्ड बंद ठेवा, आणि तेवढ्यासाठी रीजन पुन्हा बदलायच्या भानगडीत पडू नका.