बियाण्याचा नमुना घेताना: नव्या निरीक्षकांसाठी

माझ्या पहिल्या सोयाबीनच्या केसमध्ये आरोपी कोर्टात सुटला. प्रमाणित सोयाबीनला किमान 70 टक्के उगवण लागते, अहवालात आली होती 52. तरीही तो सुटला, कारण सीलच्या ठशाचा नमुना मी प्रयोगशाळेला वेगळा पाठवलाच नव्हता. पाकिटावरचा ठसा माझाच हे कशावरून ताडून पाहिलं, असं वकिलांनी विचारलं आणि माझ्याकडे उत्तर नव्हतं. दुबार पेरणी केलेले शेतकरी बाहेर व्हरांड्यात उभे होते. तुमच्या हातून तसं होऊ नये म्हणून हे लिहिते.

दुकानात गेल्यावर आधी लेखी नोटीस द्या, तिथल्या तिथे. बियाणे अधिनियम 1966 च्या कलम 15 मध्ये ही पहिली पायरी आहे. कलम 14 प्रमाणे किमान दोन पंच हजर हवेत आणि पंचनाम्यावर त्यांच्या सह्या हव्यात. सह्या त्याच वेळी घ्या. संध्याकाळी ऑफिसात बोलावून घेतलेली सही उलटतपासणीत टिकत नाही, हे मी डोळ्यांनी पाहिलंय. विक्रेत्याने मागितल्यास नमुन्याची किंमत चालू विक्रीदराने द्यायची आणि पावती फाइलला लावायची.

आता बॅगा. सहा ते तीस बॅगांचा लॉट (एकाच नंबरचा साठा) असेल तर निदान दर तीन बॅगांमागे एक, पण पाचांपेक्षा कमी नाही. म्हणजे 24 बॅगा असतील तर आठ. दर्शनी बॅगांतूनच भरून घेऊ नका, थप्पीच्या तळाच्या आणि मागच्याही काढायला लावा. सोयाबीनची साल नाजूक असते, म्हणून मी शलाकेऐवजी (बॅगेत खुपसून दाणे काढायची पोकळ नळी) हातानेच दाणे काढायची. सगळं एकजीव करून तीन सारखे भाग करा, सोयाबीनला प्रत्येकी एक किलो. लॉट नंबर, वाण आणि टॅगवरची चाचणीची तारीख पंचनाम्यात जशीच्या तशी उतरवा.

सील करताना मात्र अजिबात घाई नको. पंखा बंद करा, नाहीतर मेणबत्ती विझते आणि लाख धड वितळत नाही. भांडं स्वच्छ, कोरडं आणि घट्ट बंद होणारं हवं. त्यावर जाड कागद, टोकं दुमडून डिंकाने चिकटवलेली, मग उभी-आडवी सुतळी. ठसे किमान चार: वर एक, खाली एक, अंगावर दोन. शिवाय गाठीवरही लाख आणि ठसा. लाख थोडी निवाली की ठसा दाबा. गरम लाखेत दाबला तर अक्षरं पसरतात. ती वाचता आली नाहीत तर सील पुन्हा करा.

एक भाग विक्रेत्याला, एक प्रयोगशाळेतल्या बीज विश्लेषकाला, तिसरा आपल्याकडे. विक्रेत्याने घ्यायला नकार दिला तर तसं विश्लेषकाला कळवा. मग विश्लेषक त्याच्याकडे आलेल्या नमुन्याचे दोन भाग करून एक सीलबंद करून आपल्याला परत पाठवतो. नमुन्याच्या पाकिटात ज्ञापन (नमुन्याची माहिती लिहिलेला फॉर्म) असतंच, पण ज्ञापनाची प्रत आणि सीलचा ठसा वेगळ्या टपालाने, रजिस्टर्ड पाठवा. माझी चूक इथेच झाली होती.

तिसरा नमुना ऑफिसच्या पत्र्याच्या कपाटात टाकून विसरू नका. खटला दाखल झाल्यावर आरोपीला तो केंद्रीय प्रयोगशाळेत, म्हणजे वाराणसीला, पाठवण्याची मागणी कोर्टाकडे करता येते, आणि तिथला अहवाल आपल्या अहवालाला मागे सारतो. सोयाबीनची उगवणशक्ती एका उन्हाळ्यात ढासळते. मग बियाणं मुळात खराब होतं की आपल्याकडे खराब झालं, हे कुणालाच सांगता येत नाही आणि आरोपीचा हक्कही बुडतो. म्हणून थंड, कोरडी, उंदीर-किडे न लागणारी जागा बघा.

पहिल्या गुन्ह्याला फक्त दंड आहे, 500 रुपयांपर्यंत. त्यामुळे कोर्टाने गुन्ह्याची दखल घेण्याची मुदत सहाच महिने. अहवाल आला त्याच आठवड्यात फिर्यादीचा मसुदा सरकारी वकिलांच्या टेबलावर ठेवा, आणि पोच घेऊनच परत या.